खाटेचा महिना

तिगाव,
२७ जून २०२६

प्रिय रजनी,

सप्रेम जयभीम.

"ताई, माह्यं वर्ष कुठी गेलं वं?" स्टेशनवर पिशवी उचलताना तू हसत विचारलंस आणि गाडीत चढलीस. बी.ए. झालेली घरातली मी पहिली, म्हणून गावातले लोक अर्ज लिहून घ्यायला माझ्याकडे येतात. तुझ्या एका ओळीपुढे मात्र माझं काही चालत नाही.

लोधीखेड्याला जयवंता मावशीकडे तुझी झोप नीट होते का? सौंसरच्या कंपनीत उभ्यानं काम असतं म्हणतात, पाय दुखत असतील. इथं आई शेतात निंदायला जाते. शेळी व्याली, दोन पिल्लं झाली, दोन्ही पाठी आहेत. बाबांना मी भरवते, पण ते तोंड फिरवतात. काल अर्ध्या जिभेनं म्हणाले, "रजी... भिजोते." म्हणजे तू भाकर दुधात जास्त भिजवायचीस. आता मीही तशीच भिजवते.

शेळीचं आधी लिहून घेतलं, कारण पुढचं लिहायला हात धजत नव्हता.

आपलं उन्हाचं कॅलेंडर आठवतं? बाबांना लकवा झाला, त्यांची खाट छपराच्या टिनाला पडलेल्या त्या भोकाखाली आली, आणि दिवसभर पडून ते रुपयाएवढ्या उन्हाकडे बघत राहायचे. महिन्यांना नावं तू दिलीस. थंडीत ऊन भिंतीवर चढून बाबासाहेबांच्या फोटोला टेकायचं, तो फोटोचा महिना. मग उतरताना रांजणाचा, पाट्याचा, आणि जूनमध्ये बाबांच्या खाटेचा. शाळेची जेवणाच्या सुट्टीची घंटा झाली की बाबा खाटेजवळच्या भिंतीवर कोळशानं त्या दिवसाची रेघ ओढायचे. तू म्हणायचीस, "सरकारचं कॅलेंडर दुकानातून येते, आपलं वरून येते." आभाळ असलं की तो दिवस धरायचाच नाही, त्या दिवशीचं भांडणही धरायचं नाही, हा नियमसुद्धा तुझाच.

आई मजुरीला जायची, बाबांजवळ एकीला थांबावंच लागणार होतं. आई म्हणाली, "तुमचं तुमी ठरवा, मले सांजच्याला भाकर पाहिजे." आपण ठरवलं, एक वर्ष मी शाळेत, एक वर्ष तू. खाटेच्या पायाला ऊन लागलं की वर्ष बदललं, पाळी बदलली. मोठी म्हणून पहिली पाळी मी घेतली आणि अकरावी केली. तू नववी पास होऊन घरी बसलीस.

पुढच्या जूनमध्ये आभाळ हटेना. ऊन खाटेपाशी आठवडाभरच असतं, मग मागे फिरतं. तू रोज गळतीखाली ठेवलेल्या गंजातलं पाणी फेकताना वर बघायचीस. शेवटी म्हणालीस, "हुकलं वाटते, ताई. जाऊ दे, तू बारावी करून घे."

हुकलं नव्हतं, रजनी.

त्याच आठवड्यात एका दुपारी तू राशनला गेली होतीस. घंटा झाली, आभाळ फाटलं आणि ऊन नेमकं खाटेच्या पायावर पडलं. बाबा ओरडले, "लागलं! लागलं!" आणि कोळसा शोधू लागले. मी उठले आणि बाबांसकट खाट ओढली. वीतभरच. ऊन जमिनीवर राहिलं. बाबांनी कोळसा हातात तसाच धरला आणि माझ्याकडे पाहिलं. तू आलीस तेव्हा मी म्हणाले, गळत होतं म्हणून खाट सरकवली.

बारावी मध्येच सोडली तर मला पुन्हा कोणी बसवणार नाही, ही भीती होती. मी शिकले की घर वर काढीन, असंही मनाला सांगितलं. खोटं नव्हतं ते, पण ते तुला सांगून, विचारूनही करता आलं असतं. पुढची तीन वर्षं मी रोज पांढुर्ण्याला कॉलेजात गेले आणि खाट त्या सरकवलेल्या जागीच राहिली. १४ एप्रिलला विहारात मी मुलींच्या शिक्षणावर बोलले, टाळ्या पडल्या. तू तेव्हा मागे बाबांचा डबा भरत होतीस.

काल आईला सगळं सांगितलं. तिनं शेंगा सोलणं थांबवलं नाही. इतकंच म्हणाली, "मी चार वर्षं त्या पोरीले म्हणत होती, तुह्यं नशीबच तसं." मग सूप उचलून चुलीपाशी गेली.

आज सकाळी मात्र तिनंच खाटेची एक बाजू उचलली. जुनी जागा सापडावी म्हणून मी पायांचे खळगे शोधू लागले. खळगे नव्हते. चारही बुजवलेले, वरून सारवलेले, आणि त्यावर तुझ्या बोटांचे अर्धगोल. माझ्या हाताची ती वळणं नाहीत, आईचीही नाहीत.

नुसती गळतीसाठी सरकवलेली खाट परत जागेवर यायची असती, तर तू खळगे बुजवले नसतेस. म्हणजे तुला माहीत होतं? कधीपासून? सारवताना तुझा हात थांबला होता का? एकदा तरी माझ्या अंगावर ओरडायचं होतंस गं.

ओलं फडकं दाबून दाबून तुझी माती काढली आणि खाट जागेवर ठेवली. घंटेनंतर दोन मिनिटांनी ऊन आलं. पायाला लागलं. मी बाबांच्या हातात कोळसा दिला. त्यांनी तो बराच वेळ धरून ठेवला. मग रेघ ओढली, वाकडी, पण लांब.

मी खाट ओढली त्या दिवशी आभाळ असतं तर तुझ्याच नियमानं मी सुटले असते. पण त्या दिवशी ऊन होतं, म्हणून तो धरावाच लागतो. तू धर.

सोबत ओपन स्कूलचा दहावीचा फॉर्म आहे. कोराच ठेवला आहे, नावसुद्धा घातलेलं नाही. भरशील की फाडशील, ते तू ठरव. तुझं वर्ष परत आणता येत नाही, एवढं मला कळतं. पण पाळी बदलली आहे. बी.एड.ची मिळालेली जागा सोडत असल्याचा अर्ज मी परवाच देऊन आले.

बाबांजवळ घरी असलेली,
तुझी ताई,
अश्विनी