आमच्या घरातला थायरॉईड

३ मे, सकाळ
वजन ब्याण्णव. काटा जुना आहे, दोन किलो जास्तच दाखवतो. चौदाला अल्पेशची हळद. ताईचा एकुलता एक मुलगा, म्हणजे मामा म्हणून मिरवायचं मलाच. सफारी पोटावर बंद होत नाही. निश्चय: रात्रीचा भात बंद. आजपासून.

३ मे, जेवणानंतर
जिताड्याचं कालवण होतं. जिताडं भाताशिवाय खाणं हा माशाचा अपमान. उद्यापासून.

६ मे
आमच्या ट्रेलरवरचा ड्रायव्हर चंदर याने व्हिडिओ पाठवला. डोळे उघडले! गळ्यातली थायरॉईड ग्रंथी मंदावली की खाल्लेलं जळत नाही, अंग गार पडतं, थकवा येतो, आणि माणूस कमी खाऊनही फुगतो. कमी खाऊनही! हा तर मीच.
कल्पिताला सांगितलं. म्हणाली, "तुमचा थायरॉईड पोटात हाय." बायको बी.कॉम. असून ही समज.

७ मे, अंथरुणातच
व्हिडिओप्रमाणे उठायच्या आधी काखेत थर्मामीटर. सत्त्याण्णव पॉइंट आठ. निरोगी माणसाचं किती येतं ते बघावं म्हणून कल्पिताचंही घेतलं. शहाण्णवच्या वर जाईचना. म्हणजे थर्मामीटर बिघडलेला. माझं खरं तापमान फारच कमी असणार.

९ मे
पंखा मी लावतो, ती बंद करते. "मना थंडी वाजते." मे महिन्यात, उरणमध्ये! वर शाल. शेजारच्या नलूवहिनी हसत होत्या. मी घामाने चिंब.
नोंद: थायरॉईडवाल्याला थंडी वाजते म्हणतात. मला घाम येतोय. केस गुंतागुंतीची दिसते.

११ मे
पहाटे फिरायला जाणार होतो. उठवेना. थकवा हे लक्षणच आहे.
कल्पिता भाजी निवडता निवडता बसल्या जागी पेंगली. म्हटलं, आजारी मी आणि झोपा तुझ्या? डोळेही उघडले नाहीत. एरवी सोडलं नसतं.

१४ मे
हळद झाली. सफारीऐवजी सदरा, बटणं उघडी. मटण तीनदा घेतलं. ताईचा आग्रह, मोडवेना. नाचलोही. कल्पिता एरवी नाचताना बँजोवाल्यांसमोरून हलत नाही, आज खुर्चीत शाल घेऊन बसून. बायकांनी विचारलं, हिला काय झालं? मीच सांगितलं, माझ्या तब्येतीची काळजी लागलीये.

१६ मे
कल्पिताला सोबतीला घेऊन नेत्रा मॅडमच्या दवाखान्यात गेलो. सगळी लक्षणं व्यवस्थित सांगितली. मॅडम ऐकत होत्या माझं, बघत होत्या कल्पिताकडे. मधेच तिला विचारलं, एवढ्या उन्हात शाल का? केस गळतात?
"व्हय मॅडम. आन झोप कितीबी केली तरी पुरत न्हाय. वाटलं, वय झालं."
केस गळतात हे मला माहीत नव्हतं. दोघांचं रक्त घेतलं. माझं, माझ्या आग्रहाखातर.

१८ मे
रिपोर्ट आले. माझा थायरॉईड नॉर्मल. पुन्हा बघायला लावलं. नॉर्मलच. मॅडम म्हणाल्या, "तुमची चूल मस्त पेटलीय. लाकडं जरा कमी घाला."
कल्पिताचा टीएसएच भलताच वाढलेला. म्हणजे मेंदू ग्रंथीला ओरडून ओरडून काम सांगतोय आणि ग्रंथी काही उठत नाही. म्हणून अंगात ऊब नाही, ताकद नाही, आणि वजन हिचंही वाढलेलं. मी ते बघितलंच नव्हतं. रोज उपाशीपोटी गोळी, चहा त्यानंतर तासाभराने. दीड-दोन महिन्यांत पुन्हा तपासणी. घाबरण्यासारखं काही नाही म्हणाल्या. मी तरी घाबरलो.
येताना गाडीत विचारलं, मला आधी का नाही सांगितलंस?
म्हणाली, "सांगनार कवा? आजारी तुमी व्हतात ना."


१९ मे, सकाळ
तिने गोळी घेतली. चहा मी केला, जरा कडू झाला.
एक मात्र लिहून ठेवतो. या घरात थायरॉईड आहे, हे सगळ्यात आधी मीच ओळखलं होतं. फक्त माणूस चुकला.