खिळ्यांची बाटली

पबनिको, नोव्हा स्कोशिया
१६ जानेवारी १९८४

प्रिय आई,

फोनवर तू थंडीचं विचारतेस, मग दादाच्या पोरांचं सांगतेस, आणि मी मुद्द्यावर यायच्या आत "काहीतरी करपतंय वाटतं" म्हणून फोन ठेवतेस. पत्र असं मध्येच ठेवता येत नाही, म्हणून लिहायला बसले आहे. बसले कसली, आडवीच आहे. आधी बातमी: आज सव्वीस आठवडे पूर्ण झाले. बाळ पोटात आहे, लाथा मारतंय आणि टाका घट्ट आहे. आधीची दोन्ही विसावा आठवडा गाठायच्या आत गेली. या खेपेला मी हटणार नाही.

उलीसने पलंगाच्या दांड्याला खिळा ठोकून दिलाय. त्याला दोरा अडकवून मी पडल्या पडल्या शेवंडांच्या सापळ्यांची जाळी विणते. तू शिकवलीस तशीच, प्रत्येक गाठ करकचून. सासूबाई रोज दारात उभ्या राहून म्हणतात, "आमच्या वेळी बायका बटाटे खणता खणता बाळंत व्हायच्या. इथे राणीसाहेबांना पाण्याचा पेलासुद्धा हातात." आणि मग तो पेला स्वतःच आणून देतात. तोंड फाटकं, पण मनाने वाईट नाहीत.

नोव्हेंबरात सापळे टाकायच्या पहिल्या दिवशी सगळं गाव पहाटे धक्क्यावर गेलं आणि मी एकटी घरात पडून होते. एकोणिसावा आठवडा चालू होता, मागच्या वेळी घात झाला तोच. त्यात दुपारी कंबर धरली. उलीस दर्यावर, आणि त्या दिवशी धक्का सोडलेली नाव कोणी परत फिरवत नाही, हे तुला माहीत आहे. मी उशी चावली आणि बाळाला बजावलं, "बाहेर यायचं नाही. तुझा बाप घरात नाही आणि मी तयार नाही." संध्याकाळी कंबर आपोआप सुटली. हे मी कोणाला सांगितलं नव्हतं. तुला पहिल्यांदा सांगते आहे.

मागच्या वेळी मी उलीसबरोबर नावेवर गेले होते, दोर ओढले होते. मग गावाने ठरवलं की पोटुशी बाई नावेवर चढली, दर्याने आपला वाटा घेतला. सासूबाई तसं म्हणाल्या, चर्चबाहेर बायका म्हणाल्या, आणि मीही म्हणाले. तीन वर्षं मी आरशात बघून स्वतःला म्हणत होते की बाई, तूच मारलंस त्याला. हॅलिफॅक्सच्या म्हाताऱ्या डॉक्टरांनी तो भ्रम एका मिनिटात काढला. म्हणाले, दोराबिराचा काही संबंध नाही. तुमच्या गर्भाशयाचं तोंड कमकुवत आहे, भार पडला की वेळेआधीच उघडतं. त्याला सभोवार मजबूत धागा घालून, बटव्याची नाडी ओढावी तसं आवळून बांधायचं आणि दिवस भरत आले की कापायचं. ही युक्ती म्हणे मुंबईच्या एका डॉक्टराने काढली. मी विचारलं, "गाठ कोणती मारता?" त्यांनी बुटाच्या नाडीवर मारून दाखवली. मी म्हटलं, "असली गाठ आमच्या सापळ्याला मारली तर शेवंड हसत बाहेर जाईल." ते म्हणाले, "मग तुम्ही येऊन लक्ष ठेवा."

त्यांनीच तो प्रश्न विचारला होता. तुमच्या वेळी आईने गर्भ टिकायच्या गोळ्या घेतल्या होत्या का? त्या काळी डॉक्टर भरवशाने द्यायचे, आता कळतंय की पोटातल्या मुलींमध्ये हा दोष त्यामुळे राहू शकतो. मी तुला फोन केला. तू "नाही" म्हणालीस. फार पटकन म्हणालीस, आई. ऑक्टोबरात टाका घातला तेव्हा आलीस, किसलेल्या बटाट्यांच्या रापीचं एवढं थोरलं पातेलं करून ठेवलंस, आणि दुसऱ्याच दिवशी निघून गेलीस. त्यानंतर तुझं येणं नाही.

जाताना तुझी दोऱ्यांची पेटी इथे राहिली. गेल्या गुरुवारी उलीसला बारीक खिळे हवे होते, म्हणून मी ती उघडली. तळाशी खिळ्यांनी भरलेली तपकिरी बाटली. आपल्या घरात कधी काही टाकलं गेलंय का? चिठ्ठीवर तुझं नाव, नोव्हेंबर १९५४, रोज एक गोळी. खाली औषधाचं नाव, डॉक्टरांनी मला कागदावर लिहून दिलं होतं तेच. मी खिळे उलीसला दिले आणि तोंडावर पांघरूण घेऊन खूप रडले. दोन दिवस तुझा राग राग केला, खोटं कशाला बोलू? तिसऱ्या दिवशी तुझ्या प्रार्थनेच्या पुस्तकातली नावं आठवली, माझ्याआधी गेलेल्या तिघांची. दर मे महिन्यात तू फुलं न्यायचीस आणि आम्हाला म्हणायचीस, "शेजारणीची आहेत गं." शेजारणीला पोरंच नव्हती, हे मला आता कळतंय. आणि तू तर कुठे गेलीस की चमचासुद्धा विसरत नाहीस. ती पेटी विसरलीस?

तेव्हा आता मुद्दा. टाका दोन एप्रिलला कापणार आहेत. उलीस तेव्हा दर्यावर असेल. सासूबाई येते म्हणतात, मी त्यांना नको म्हटलंय. डॉक्टरांनी तुला एक पोर टिकवायचा उपाय सांगितला, तू केलास, आणि मी टिकले. मला सांगितला, मी केला. तुझ्या जागी मी असते तर त्या गोळ्या मीही गिळल्या असत्या, एकही न चुकवता. माफीबिफी मागायची नाही, ते मला ऐकवणार नाही. बाटली धुऊन उशाशी ठेवली आहे, पण रिकामी. खिळे येताना तू आण. एक तारखेच्या बसने ये आणि तो धागा कापतील तेव्हा माझा हात धर.

तुझी टिकलेली,
रोझाली