शेंदाड शिपाई म्हणाल्या कोणाला?

२ एप्रिल, सकाळ
समोर लताबाईंच्या गच्चीवर बिबड्या, ज्वारीचे पापड. पिंप्राळ्यातल्या आमच्या गल्लीत एकीच्या बिबड्या म्हणजे सगळ्यांचे हात. मलाही बोलवायला आल्या होत्या. दार उघडलं नाही. पाठ दुखते. न जाण्याचा हा दुसरा उन्हाळा.
खिडकीत उभी होते. लताबाई म्हणाल्या, "निव्वळ शेंदाड शिपाई!" सगळ्या हसल्या. आमच्याच घराकडे बघून.
म्हणजे ह्यांना. माणूस जाऊन दीड वर्ष झालं, तरी भित्रा म्हणतात. उद्याच जाब विचारणार.

३ एप्रिल
गेले नाही. शब्द नीट माहीत नसताना भांडू नये. माकडाची गोष्ट धरून बसल्या असणार. ओट्यावर माकड आलं तेव्हा हे आत पळाले, खरं आहे. पण काठी आणायला. काठी सापडेपर्यंत माकड गेलं.

५ एप्रिल
वाचनालयात शब्दकोश काढला. शेंदाड म्हणजे काकडीसारखं फळ. शेंदाड शिपाई म्हणजे भित्रा. पण फळ भित्रं कसं? ते लिहिलेलंच नाही. मुद्दाम गाळलं असेल. तिथला माणूसही कशाला हवंय, कशाला हवंय करत होता.

६ एप्रिल
भाजीवाल्या भिकुबाई भडगावकडच्या. त्यांना विचारलं. म्हणाल्या, "बाहेरथून मस्त दिसस, अक्का. पिकनं का आपसूक फुटस. कोनी हात बी नही लावा तरी." मग माझ्याकडे बघून, "तुमले कोन म्हनं?"
मला कोण म्हणणार!
फळ मागितलं, तर म्हणे दसऱ्याच्या सुमारास. फळ न बघता जाब विचारणं घाईचं होईल. दसऱ्यापर्यंत थांबावं का?

९ एप्रिल
ह्यांचा चष्मा पुसला. रोज पुसते, धूळ फार बसते. दसरा वगैरे काही नाही. ह्यांच्या बाजूने बोलायला आता मीच आहे.

१० एप्रिल
गेले. लताबाईंच्या गच्चीवर पुन्हा बिबड्या चालल्या होत्या. बायांसमोर त्यांना स्पष्ट विचारलं, ह्यांना शेंदाड शिपाई का म्हणालात?
लताबाई म्हणाल्या, "भाऊंना? भाऊंना कोण म्हणेल हो! तुम्हाला म्हटलं. खिडकीतून बघता आणि हाक मारली की पडदा ओढता. आता आल्याच आहात, तर पदर खोचा. पीठ गार होतंय."
उत्तर तयार होतं. पण हात पिठात होते.

१० एप्रिल, संध्याकाळ
ह्यांचं नाव साफ झालं, मुख्य काम झालं. माझ्याबद्दलचा जाब वेगळा विचारणार. पुढच्या बिबड्या माझ्या गच्चीवर ठरल्यात. ज्वारी भिजत घातली. घरी येणाऱ्या बायांशी भांडणं शोभत नाही. त्यानंतर बघू.