पेन्सिलीने लिहिलेल्या ओळी

इंदिरानगर, बेंगळूर
२० ऑक्टोबर १९९९

ती. अण्णांना रघूचा वाकून नमस्कार.

आईच्या तेराव्याला आपण बोलणं टाकलं, त्यानंतर सात वर्षांनी लिहितोय. कमला आणि मी मजेत आहोत. सकाळी देवळात जाऊन मग कामावर जातो.

परवाच्या पेपरात मला ओळखलं असेलच. आमच्या कंपनीचा इंटरनेटवरचा गप्पांचा कट्टा मुंबईच्या एका शेठनी विकत घेतला. आठवडाभर पेपरवाल्यांना दुसरा विषय नाही. एक लिहितो, शेठ जग जोडणार. दुसरा लिहितो, लोकांच्या बोलण्याला आता मालक आला. फोटोच्या वेळी आमचे साहेब, हयवदन, ओरडले, "रघुजी, स्वल्प हसा! कट्टा विकलाय, मुलगी नाही पाठवत सासरी!" शेठच्या खांद्यामागे, चष्मा कपाळावर चढवलेला, तो मी. खाली छापलंय 'कंपनीचे अधिकारी'. अधिकारी कसला! गावोगावची पोस्टकार्डं कट्ट्यावर टाइप करतो, परदेशातली मुलं ती वाचतात. त्यांची उत्तरं छापून घरी धाडतो.

तुम्ही परदेशी शिकणाऱ्या तुमच्या हरीला लिहिलेली कार्डंही दोन वर्षं माझ्याच हातून गेली. पत्ता कंपनीचा, तुम्हाला कळणार कसं? पहिल्या दिवशी तुमचं अक्षर पाहिलं आणि डबा तसाच घरी आणला.

तुम्ही लिहायचात, तब्येत जप, अभ्यास कर. बस्स. एकदा मी खाली माझ्या मनाने जोडलं, 'तुझ्यावाचून घर सुनं वाटतं.' हरीचं उत्तर दोन पानी आलं. तुम्हालाही नवल वाटलं असेल. मग दर कार्डाला एक ओळ जोडत गेलो.

कमला म्हणाली, "स्वतः भावाशी अबोला, आणि त्याच्या नावाने गोड बोलताय?" देवापुढे रोज माफी मागितली. थांबलो मात्र नाही.

नवे मालक पोस्टकार्डांचं टेबल शनिवारी बंद करताहेत. मला दुसरं काम दिलंय, तक्रार नाही. पण अण्णा, हरी दिवाळीला येतोय, तो त्या ओळी लिहिणाऱ्या वडिलांना भेटायला. हे तुम्हाला आधी कळायला हवं.

तुमची सगळी कार्डं सोबत आहेत. मी जोडलेली ओळ प्रत्येकावर कडेला पेन्सिलीने लिहिली आहे. जी तुमच्या मनात नव्हती, ती खोडून टाका.

मला वाटतं, एकही खोडावी लागणार नाही.

तुमच्या उत्तराची वाट पाहणारा, आणि आता मध्ये कुणाला न घेता लिहिणारा,
तुमचा धाकटा
रघू