सोललेला केंड

सोमवार, ४ फेब्रुवारी

वहीबाई, तुझं डोकं अगदी आमच्या म्हाताऱ्यासारखं. कोणी आत काही घातलं तर राहणार, नाहीतर कोरं. म्हणून पहिल्यापासून सांगते, नीट धर.

मला अक्षर येत नाही. मी बोलते, सून लिहिते. इथे इस्पितळात डॉक्टरीणबाई म्हणाली, "आजी, जीभ जड झालीये, रोज मोठ्यानं बोलत जा." आयुष्यात पहिल्यांदा मला कोणी 'बोल' म्हणालं. सुनेचा चेहरा बघण्यासारखा झाला होता.

झालं ते असं. गारठ्यानं माझी बोटं आखडतात, म्हणून ह्यांनी धक्क्यावरच्या उरलेल्या ढिगातला मासा उचलला आणि तिथेच सोलून आणला. डोकं नाही, कातडी नाही. पांढरंशुभ्र मांस, आणि गाबोळी, म्हणजे अंडी, वेगळी बांधलेली. हे जाळी शिवणारे. माशांची तोंडं ओळखणं माझं काम. जन्मभर तिथे बसून मासळी निवडली. केंड दिसला की पाटीबाहेर. केंड म्हणजे तो फुगणारा — बटबटीत डोळे, सशासारखे दात, छेडला की पाणी पिऊन काटेरी चेंडू होतो. पळायचं बळ नाही, म्हणून अंगात विष बाळगतो. त्याचं त्याला बाधत नाही. उकळूनही जात नाही. पण डोकं-कातडी गेल्यावर ओळखू कशावरून? मी शिजवला, दोघांनी खाल्ला.

मंगळवार, ५ फेब्रुवारी

आधी ओठांना मुंग्या आल्या. मग जीभ, मग बोटं, मग पाय गेले. मी किडकिडीत, म्हणून आधी मी आडवी झाले. पापणीही हलेना. पण कान उघडे! शेजारीण धावत आली, वाकून बघितलं आणि म्हणाली, "म्हातारी गेली हो." अगं गेली काय, तुझ्या चपला ऐकतेय मी — आतून ओरडले. बाहेर काहीच नाही. पेटीत घालून वरून कुलूप लावावं तसं.

हे भिंतीला टेकून बसले होते. त्यांनीही ते ऐकलं. मग तेही कलंडले.

बुधवार, ६ फेब्रुवारी

माझं श्वासाचं यंत्र मागेच निघालं, ह्यांचं अजून चालूच. ते वरच्या मजल्यावर. भांड्याचा तळ त्यांनी खरवडला होता, गाबोळीही सगळी त्यांच्याच ताटात. त्यात मूत्रपिंडं आधीच थकलेली, विष बाहेर पडायला वेळ लागणार. ह्याला उतारा नाही म्हणे. यंत्रानं श्वास चालू ठेवायचा आणि वाट बघायची. मोठा डॉक्टर म्हणाला, "काय असेल ते कळवू." कळवू म्हणजे काय, ते मला कळतं.

पण माझी धास्ती वेगळी आहे. म्हातारा लाकडासारखा पडलाय, कान उघडे. आणि शेवटचं काय ऐकलंय त्यानं? म्हातारी गेली. म्हणजे तिथे पडल्या पडल्या तो समजतोय, की मी हातानं विष आणून बायकोला मारली.

गुरुवार, ७ फेब्रुवारी

लेकाला म्हटलं, "वर जा. बापाच्या कानात सांग, आई जिवंत आहे."

"सांगितलं, आई."

"कसं सांगितलंस?"

"सांगितलं ना."

लग्न करायचंय हेही ज्यानं बापाला माझ्या तोंडून कळवलं, तो यंत्राला लावलेल्या माणसाशी बोलणार? सून लिहिता लिहिता हसली. म्हणजे माझंच खरं.

शुक्रवार, ८ फेब्रुवारी

मला वर नेत नाहीत. जंतू लागतील म्हणतात. खिडकीला जाळी, हाताला सुई, खाटेला कठडे. संध्याकाळी कठडा वर चढवला की पाटीतल्या मासळीसारखं वाटतं.

केंड पाण्याबाहेर काढला तर हवा गिळून फुगतो. मग कधी कधी ती हवा त्याला उतरवता येत नाही. पोट वर करून पडून राहतो. वर ह्यांच्या छातीत यंत्र हवा भरतंय. नको तो विचार.

शनिवार, ९ फेब्रुवारी

ह्यांना ताप आलाय. छातीत कफ झालाय.

रविवार, १० फेब्रुवारी

दोन्ही वेळचं ताट परत पाठवलं. नर्स म्हणाली, "आजी, हट्ट करू नका." म्हटलं, हट्ट नाही, सौदा आहे. शेवटी चाकाच्या खुर्चीतून वर नेलं, तोंडाला मास्क बांधून.

म्हातारा नळ्यांत गुंडाळलेला. डोळ्यांवर चिकटपट्ट्या. केवढासा दिसत होता. काय बोलायचं ते मनात जुळवून गेले होते, सगळं पळालं. वाकले आणि तोंडातून निघालं, "अहो, किती लोळणार? सोलून आणायचं कोणी सांगितलं होतं? माझे हात मोडले होते का? आणि इथे शेजारच्या बाईच्या सांगण्यावरून मला मेलेली धरून बसलात? जिवंत आहे मी. तुमच्या उरावर बसायला."

नर्स म्हणाली, "आजी, जरा हळू."

म्हटलं, हळू बोलले तर ह्यांना दुसरंच कोणी वाटेल.

हात गार. काही हललं नाही. मला खाली आणून कठडा लावला.

सोमवार, ११ फेब्रुवारी

काही नाही.

गुरुवार, १४ फेब्रुवारी

ह्यांची नळी निघाली. मला वर नेलं. आवाज गंजलेल्या बिजागरीसारखा. लेकाकडे बोट करून मला म्हणाले, "हा रोज येऊन सांगायचा, आई आहे, आई बरी आहे. मला वाटलं, माझी समजूत घालतोय. तू भांडलीस तेव्हा पटलं."

लेक खिडकीबाहेर बघत उभा होता.

सूनबाई, लिहिणं पुरे. घरी जा आणि डबा पाठव. ह्यांना मऊ भात आणि उकडलेला भोपळा, मीठ बेतानं. आणि लेकासाठी बटाटे परतून, कडेनं जरा करपवून, त्याला आवडतात तसे. मोठा डबा भर.