मावसभावाचा माईक बिघडलाय

आई,

गेल्या महिन्यात मी पुन्हा तेच खोटं बोललो. शीळफाट्याला गाडी बाजूला घेऊन चहा पीत उभा होतो, तर मागून कुणीतरी हाक मारली. ठाण्यात खोपटला राहणारा, आमच्या ऑनलाइन गेमच्या ग्रुपचा लीडर. आता केस पिकलेत, पोट सुटलंय, बरोबर बायको आणि मुलगी होती. इकडचं तिकडचं बोलणं झालं आणि निघता निघता तो म्हणाला, "तुझा तो मावसभाऊ कसा आहे रे? तसा हीलर मला परत नाही भेटला." मी म्हणालो, "बरा आहे. हल्ली खेळत नाही." तो गेला. चहा गार झाला होता. तुला जाऊन बारा वर्षं झाली. मला मावसभाऊ नाही. तुला बहीणच नव्हती.

तेव्हा आपण ठाकुर्लीच्या दोन खोल्यांत राहायचो. बाबा जाऊन तीन वर्षं झालेली आणि तू टेलिफोनमधून नुकतीच स्वेच्छानिवृत्ती घेतलेली. मी सव्वीस वर्षांचा, नोकरी बरी चाललेली आणि रविवारी दुपारी दोन ते पाच कुणी दार ठोठावलं तरी न उठणारा. तू बाजूला पलंगावर बसून मेथी निवडायचीस आणि अधूनमधून माझ्या स्क्रीनकडे बघायचीस. एकदा विचारलंस, म्हणून मी समजावून सांगितलं, तेही जरा वैतागूनच. सगळ्यात वरच्या पातळीला पोचलेले पंचवीस जण एकत्र येतात आणि एका राक्षसाशी लढतात. तिथे प्रत्येकाचं काम ठरलेलं असतं. मी टँक, म्हणजे ढाल घेऊन सगळ्यात पुढे उभं राहायचं आणि मार आपल्या अंगावर घ्यायचा, म्हणजे राक्षस बाकीच्यांकडे वळत नाही. बहुतेक सगळे नुसते मारणारे. आणि सहा जण हीलर, मागे राहून बाकीच्यांना बरं करणारे. हीलरला लढाई फारशी दिसतच नाही. त्याच्यासमोर पंचवीस पट्ट्या असतात, एकेकाच्या जिवाची एकेक, आणि जिची लांबी घटेल तिच्याकडे त्याने धावायचं. तू ऐकून घेतलंस आणि पुन्हा मेथीकडे वळलीस. थोड्या वेळाने म्हणालीस, "तो खालच्या कोपऱ्यातला मघापासून कमी होतोय. त्याच्याकडे कुणी बघतच नाहीये." मी म्हटलं, "बघतील गं." तो मेला.

पुढच्याच्या पुढच्या रविवारी एक हीलर आला नाही आणि चोवीस जण खोळंबून बसलेले. माझ्या ऑफिसचा लॅपटॉप घरी होता, त्यावर माझंच दुसरं पात्र होतं, बुटका दाढीवाला पुरोहित. मी तुला म्हटलं, नुसती बस, या दोन बटणांपलीकडे काही करू नकोस. तू चष्मा पुसलास, पदर खोचलास आणि माझ्या शेजारच्या खुर्चीवर बसलीस. "मला दाढी?" म्हणून हसलीस तेवढंच. मग तीन तास तू हललीसुद्धा नाहीस. मी मान वळवून बघतो तर तुझे डोळे त्या पट्ट्यांवर आणि चेहऱ्यावर कामावरची ती शांतता, जी मी लहानपणी कल्याणच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये तुझा डबा घेऊन आलो की दारातून बघायचो. बोर्डावर दिवे पेटतायत, तू एक दोरी खुपसतेयस, एक काढतेयस, कानाला हेडफोन, आणि आवाज एकसारखा: "बोला. थांबा हं. बोला." त्या दिवशी तू बघत होतीस त्यातलं एकही माणूस मेलं नाही. लीडरने विचारलं, "हा नवीन कोण आहे? बोलत का नाही?" आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "मावसभाऊ आहे माझा. माईक बिघडलाय त्याचा."

तू ऐकलंस. मला वाटलेलं तू काहीतरी बोलशील. तू फक्त विचारलंस, "कुठला मावसभाऊ?" मी म्हटलं, "अगं, ही मुलं चेष्टा करतील, माहीत नाहीत तुला." तुला ते पटलं, किंवा पटल्यासारखं तू दाखवलंस. त्यानंतर तीन महिने तू दर रविवारी आलीस. जेवण लवकर उरकायचं, गुडघ्याला तेल चोळायचं, आणि पावणेदोनला खुर्चीवर. तुझ्या कानाला हेडफोन असायचे, सगळ्यांचं बोलणं तुला ऐकू यायचं. कुणाचा भाऊ बारावीला बसलाय, कुणाचं लग्न जमत आलंय, कुणाच्या घरी पाणी येत नाही, तुला सगळं माहीत असायचं. तू फक्त बोलायची नाहीस. जिने आयुष्यभर आवाजावर नोकरी केली, तिला मी मुकं करून बसवलं होतं, आणि त्यात काही वावगं आहे असं मला तेव्हा वाटलंही नाही.

मग तो शेवटचा राक्षस आला. सात रविवार आम्ही त्याच्यापुढे आपटलो. त्याचा निम्मा जीव उरला की तो एकदम सगळ्यांवर आग ओकायचा, सहाच्या सहा हीलर मला वाचवायला धावायचे आणि मागे मारणारे पटापट पडायचे. भांडणं सुरू झाली, दोघं ग्रुप सोडून गेले. सातव्या रविवारी संध्याकाळी मी चिडून बसलेलो आणि तू कणीक मळता मळता म्हणालीस, "आम्ही बोर्डावर सहा जणी बसायचो. एक दिवा पेटला की सहाही जणींनी हात घातला असता, तर बाकीची माणसं ताटकळलीच असती. ज्याची त्याची जागा वाटून द्या की. आपापले दिवे आपण बघायचे, शेजारणीला झेपेनासं झालं तरच तिकडे हात लावायचा." मी म्हटलं, "ते तसं नसतं गं." तू पुढे बोलत राहिलीस. "तुमच्यातला तो एक सावकाश बरं करतो, पण भरपूर करतो. त्याला एकट्या तुझ्याकडे लाव. त्या दोघांचं थोडं थोडं पाच-पाच जणांवर एकदम पडतं, त्यांना गर्दीत ठेव. दोघं आहेत ते आधीच कवच घालतात, त्यांना आगीच्या आधी घालू दे, नंतर नको. मी मधली, कुणाचं राहिलं तर बघेन." तू हे सगळं नुसतं बघून ओळखलं होतंस. मी दोन वर्षं खेळत होतो. माझ्या डोक्यात प्रत्येक हीलर म्हणजे हीलर, एवढंच होतं.

दुसऱ्या दिवशी मी ते ग्रुपला लिहून पाठवलं. तुझेच शब्द, फक्त बोर्ड आणि दिवे काढून टाकले. लीडरने लिहिलं, "भाई, डोकं आहे तुला." मी तुला ते वाचून दाखवलं नाही.

आठव्या रविवारी ते जमलं. मला आजही ती दुपार तशीच दिसते. निम्मा जीव होतो, आग येते, आणि कुणी मरत नाही. कुणीच नाही. लीडरचा आवाज थरथरतोय, "चालू ठेवा, चालू ठेवा." राक्षसाचा जीव अगदी थोडा उरलाय आणि मी हावरटासारखा फक्त त्याच्याकडेच बघतोय. माझ्या पायाखालची जमीन लाल व्हायला लागलेली मला दिसत नाही. तुला दिसते. तू माझ्यापासून हातभर अंतरावर, माझा माईक चालू, आणि तू कामावरच्या त्या स्वच्छ, ठाम आवाजात म्हणतेस, "मागे हो. अरे, मागे हो आधी." मी मागे होतो. जमीन फुटते, मी वाचतो, आणि थोड्याच वेळात राक्षस पडतो.

सगळा ग्रुप एकदम बोलायला लागला. त्या गोंधळात कुणीतरी हसत विचारलं, "अरे, ती बाई कोण ओरडली?" आणि मी, एक क्षणही न घेता, म्हणालो, "कामवाली आहे रे. लादी पुसतेय." सगळे खो-खो हसले. कुणीतरी म्हणालं, "कामवालीने वाचवला टँकला." मीही हसलो. तुझ्या कानाला हेडफोन होते, आई. पलीकडून लीडर म्हणत होता, "आणि मावसभावाला सांग, आज त्याच्यामुळे झालं." तू स्क्रीनवर एका जखमी माणसाला बरं केलंस. लढाई संपली होती, गरज नव्हती, पण त्याची पट्टी अर्धी होती म्हणून केलंस. मग हेडफोन काढून टेबलावर ठेवलेस, उठलीस आणि मोरीत दुपारची भांडी घासायला बसलीस.

मी पाच-दहा मिनिटांनी तुझ्यामागे आलो. काय बोलायला आलो होतो ते मला आता आठवत नाही. तू वर न बघता म्हणालीस, "आपल्याकडे कामवाली कुठे आहे?"

"असंच गं. पटकन सुचलं ते बोललो."

"हं," म्हणालीस. नळ बंद केलास. "ताटं पुसून ठेव."

एवढंच. मी ताटं पुसली. पुढच्या रविवारी पावणेदोनला मी तुझी खुर्ची ओढून ठेवली, तर तू पलंगावर आडवी होतीस. म्हणालीस, बसून गुडघा फार दुखतो, तू खेळ. त्याच्या पुढच्याही रविवारी तेच. मग मी खुर्ची ओढायची बंद केली आणि ग्रुपला सांगितलं की मावसभावाला पुण्याला नोकरी लागली. तुझ्या जागी दुसरा हीलर मिळाला. बरा होता. आणि खरं सांगायचं तर त्या दिवसांत मी खूश होतो, कारण तो राक्षस पाडणाऱ्या पहिल्या काही ग्रुपांत आमचं नाव होतं आणि सगळे मला विचारून जागा वाटायला लागले होते.

महिन्याभराने लीडर आणि कल्याणचा एक मुलगा आपल्या घरी आले. आम्ही सगळे डोंबिवलीला जेवायला भेटणार होतो आणि ते मला न्यायला आलेले. मी आत कपडे बदलत होतो. तू त्यांना पोहे दिलेस. भिंतीपलीकडून मला ऐकू येतंय, तू विचारतेयस, "बारावीचं काय झालं रे तुझ्या भावाचं?" आणि कल्याणच्या त्या मुलाचा चमचा बशीत वाजायचा थांबला. तुझ्यासमोर त्याने भावाचा विषय कधी काढला नव्हता, फक्त खेळताना माईकवर बोललेला. मग तो हळूच म्हणाला, "काकू, एक विचारू? त्या दिवशी तो आवाज तुमचाच होता ना? मागे हो म्हणणारा?"

मी शर्टाची बटणं लावत होतो. हात थांबले. दोन पावलांवर दार होतं. मला बाहेर येऊन एवढंच म्हणायचं होतं की हो, हीच ती, आणि मावसभाऊ पण हीच. मी उभा राहिलो.

"नाही रे," तू म्हणालीस. "ती आमची कामवाली होती. सोडून गेली ती आता." आणि मग, "अजून घे पोहे, लाजू नकोस."

त्या जेवणाला मी गेलो. सगळ्यांनी माझं कौतुक केलं. कल्याणचा तो मुलगा माझ्याशी नीट बोलला, पण परत कधी आपल्या घरी आला नाही. पुढे मी नोकरी बदलली, लग्न झालं, गेम सुटला. तू आजारी पडलीस तेव्हा डोंबिवलीच्या हॉस्पिटलमध्ये एका दुपारी आपण दोघंच होतो. मी तुझे पाय चेपत होतो. बोलायचं ठरवूनच आलो होतो. म्हटलं, "आई, ते गेमचं. तेव्हा मी..." तू डोळे उघडलेस आणि विचारलंस, "कुठला गेम?" मी म्हटलं, "काही नाही." तू खरंच विसरली होतीस की मला सोडवत होतीस, हे मी कितीतरी वेळा स्वतःला विचारलंय. पण त्या क्षणी मला काय वाटलं ते मला पक्कं माहीत आहे. मला सुटल्यासारखं वाटलं.

इतकी वर्षं मी स्वतःला समजावत आलो की मला मुलांच्या हसण्याची भीती वाटली, तेव्हा वयच तसं होतं. ते खरं नाही. ती मुलं तशी नव्हती. आई खेळते म्हटलं असतं तर दोन मिनिटं हसले असते आणि मग तुला डोक्यावर घेऊन नाचले असते. दर रविवारी आधी तुला नमस्कार केला असता. मला भीती होती ती त्याचीच. तू बोललीस की त्यांना कळलं असतं की ती वाटणी कुणाची, ते डोकं कुणाचं, आणि पुढे ढाल घेऊन उभा असलेला हा मुलगा कुणाच्या जिवावर उभा आहे. तू माझी आई आहेस याची मला लाज नव्हती. तू माझ्यापेक्षा चांगली आहेस हे बाकीच्या तेवीस जणांना कळू नये, एवढंच मला हवं होतं. आणि ते मला मिळालं. अजूनही मिळतंय. गेल्या महिन्यात शीळफाट्यालासुद्धा मिळालं.

लीडरचा नंबर त्या दिवशी मी घेतलाय. त्याला फोन करून सांगावं असं रोज वाटतं आणि रोज मी दुसरंच काहीतरी करायला घेतो. म्हणून हे तुला लिहायला बसलो, कारण तुला लिहिणं सोपं आहे. तू वाचणार नाहीस, मला माहीत आहे. तू असतीस, तर मी हे लिहिलंच नसतं.