अडतीसरावांचं रिव्हॉल्व्हर

४ जून

आज पुन्हा तेच, कुठली गोळी भारी. दादा म्हणे पंचेचाळीस, दातांचे डॉक्टर म्हणे नऊ एमएम, अडतीसराव म्हणे अडतीस. बाबांनी हे बंदुकांचं दुकान दादाच्या आणि माझ्या गळ्यात बांधलं तेव्हा कुणी सांगितलं नाही, की इथे विकायचं कमी आणि ऐकायचं जास्त. ही काडतुसं यांच्या आजोबांच्या काळापासून आहेत. अजून निघतात, अजून खपतात. म्हणजे तिन्ही बरीच असणार. संपला विषय. पण नाही — चहावर चहा, आणि शेवटी डॉक्टर फुगून निघून गेले. या माणसाने आजवर दाढ सोडून कशावर हल्ला केला नसेल.

७ जून

अडतीसराव हे नाव मी ठेवलंय. त्यांना माहीत नाही. उभं आयुष्य लोकांच्या जमिनी मोजण्यात गेलं, आता निवृत्त. दुपारचं शटर वर गेलं की हे हजर. "पोरी, सहा गोळ्या आणि एक चक्र. बिघडायला आहेच काय त्यात? तुमच्या पिस्तुलांत स्प्रिंगा काय, मॅगझिन काय, नसत्या भानगडी." हे मी इतक्यांदा ऐकलंय की झोपेतही म्हणून दाखवीन. नेम कशावर धरला, तर नेमबाजी क्लबातल्या कागदावर. कागदाने उलट गोळी घातल्याचं ऐकिवात नाही.

बायको गेल्यापासून तर मुक्कामच इथे. दादाला कौतुक. मला कपबशा विसळाव्या लागतात.

१२ जून

प्लास्टिकच्या मुठीचं नवं पिस्तूल आलं. अडतीसरावांनी ते मेलेलं झुरळ उचलावं तसं दोन बोटांत धरलं. दादा हसला. घ्यायचं कुणालाच नव्हतं.

१८ जून

दादा जेवायला घरी गेला होता. अडतीसरावांची लेक आली. याआधी फक्त तिच्या लग्नात पाहिलेली. खांद्यावरच्या पिशवीतून टॉवेलात गुंडाळलेलं काहीतरी काढून काउंटरवर ठेवलं. मूठ दिसली तेव्हाच ओळखलं. ज्याचे गोडवे वर्षानुवर्षं ऐकले, ते हेच.

"हे तुमच्याकडे ठेवा," म्हणाली.

"मालकाने स्वतः आणून द्यायला लागतं."

"माहीत आहे."

मी चक्र उघडलं. सहाच्या सहा घरं भरलेली. गोळ्या काढून बाजूला ठेवल्या.

"आई गेल्यापासून जेवायला बसतात तेव्हा ताटाशेजारी ठेवतात," ती म्हणाली. "विचारलं तर म्हणतात, साफ करतोय. साफच असतं ते. बाबांना यातलं काही विचारू नका. मी आणलं, एवढंच."

नाही म्हणायला हवं होतं. तिजोरीत ठेवलं.

१९ जून

दादाला सांगितलं. भडकला. "उद्या कुणी चौकशी केली तर? दुकानाचा परवाना जाईल. मी त्यांना फोन करतो, येऊन सही करू देत, नाहीतर घेऊन जाऊ देत."

घेऊन जाऊ देत! म्हटलं, "तू फोन केलास तर मी या दुकानाची पायरी चढणार नाही. मग बस एकटाच, पंचेचाळीस कुरवाळत."

कुठल्या गोळीने हत्ती पडतो यावर तासन्‌तास बोलेल. एक म्हातारा माणूस कुठल्या गोळीने पडेल, हे म्हटलं तर पंख्याकडे बघत बसतो. शेवटी म्हणाला, "चार दिवस. त्यानंतर मी ऐकणार नाही."

२१ जून

अडतीसराव आले. नेहमीसारखे. इस्त्रीचा शर्ट, दाढी केलेली. दादाला म्हणाले, "माझं घरी आहे ना, इतकी वर्षं झाली, एकदा तक्रार नाही." घरी आहे! रोजच्या ताटाशेजारी बघायचीसुद्धा शुद्ध नाही, आणि आम्हाला हत्यारं शिकवतायत. ज्याला स्वतःचं रिव्हॉल्व्हर गेलेलं कळत नाही, त्याची कसली आलीय पारख. दादा माझ्याकडे बघत राहिला. मी काच पुसत राहिले.

२२ जून

दादा बोलत नाहीये. दुकान इतकं शांत असू शकतं हे माहीत नव्हतं.

२३ जून

चार दिवस संपले. दादा मागच्या खोलीत फोन शोधत होता, तेवढ्यात अडतीसराव आले. बसले नाहीत. काउंटरवर वाकून हळूच म्हणाले, "पोरी, मी ते परत मागायला आलो तर देऊ नकोस. चिडलो तरी नाही, हातापाया पडलो तरी नाही. तिला मीच पाठवलं होतं. स्वतः आणून द्यायची लाज वाटली." मग खिशातून परवाना काढून पुढे केला. "सही कुठे करायची ते दाखव."

सही केली.

मी त्यांना खुर्ची दिली. म्हटलं, "काका, अडतीसचं सांगा. अगदी पहिल्यापासून."